मनाची उतरंड

सांख्यकारिकेवरील ‘सांख्यतत्त्वकौमुदी’ या टीकेंत वाचस्पतिमिश्रांनीं मनोव्यापाराचा एक मोठा मौजेचा दाखला दिला आहे. गांवचा मुख्य कुटुंबवाल्यांकडून कर गोळा करतो व परगण्याच्या अधिकाऱ्याकडे भरतो. परगण्याचा अधिकारी तो सर्वाधिकाऱ्याकडे पोंचवितो. आणि सर्वाधिकारी राजापुढें रुजू करतो. तद्वत् डोळे, कान इत्यादि बाह्येंद्रियें विषयाचें नुसतें आलोचन करून तें मनाच्या स्वाधीन करतात. मन त्यावर संकल्प करून तें अहंकाराकडे देतें. अहंकार ‘हें माझ्यासाठीं’ असा शिक्का मारून तें बुद्धीकडे पाठवितो. आणि बुद्धि तें पुरुषापुढें ठेवते.

वसुलाचें काम ज्यांनीं जवळून पाहिलें आहे त्यांस हा दाखला विशेष पटेल. शेतांतले दाणे राजधानीपर्यंत दाणे म्हणून कधींच पोंचत नाहींत. वाटेंत त्यांचे आंकडे होतात, आंकड्यांच्या बेरजा होतात, आणि शेवटीं एक कागद तेवढा राजाच्या हातीं पडतो. आपण ‘आंबा पाहिला’ असें म्हणतों तेव्हां आपल्याही हातीं असाच एक कागद आलेला असतो. पिवळेपणा, गोलाई, देंठाजवळची सुरकुती, वास, हीं सर्व खालच्या कचेरींतच हिशेबांत जमा झालेलीं असतात.

एवढ्यावरून सर्व आधुनिक मानसशास्त्र आमच्या पूर्वजांस ठाऊक होतें असा डांगोरा पिटण्याचा आमचा मुळींच हेतु नाहीं. दाखला तो दाखला आणि प्रयोग तो प्रयोग. शिवाय वाचस्पतींच्या दाखल्यांत माल केवळ खालून वर जातो. वरून खालीं काय येतें, हा प्रश्न त्यांत उपस्थितच होत नाहीं. गेल्या सव्वाशें वर्षांत या विषयांत जें कांहीं नवें हातीं लागलें त्याचा मोठा भाग याच प्रश्नाभोंवतीं आहे. आणि हा प्रश्न पंडितांच्या बैठकींत ठेवून देण्याजोगाही नाहीं. आपल्या घराघरांत जे दोन वाद वर्षानुवर्षें चालत आले आहेत, एक मुलांच्या पाठांतरावरून आणि दुसरा वृद्धांच्या विसरण्यावरून, ते दोन्ही वाद अर्धेअधिक याच गोष्टीच्या अज्ञानामुळें कडू होतात, असें आमचें मत आहे.

प्रथम एका जुन्या धंद्याची हकीकत सांगूं. आपल्या देशांत १५ जुलै २०१३ पासून तारेची सेवा बंद झाली. ‘तार आली’ एवढे दोन शब्द कानीं पडतांच माजघरांत जी भीति पसरत असे, ती आतां वडील माणसांच्या आठवणींतच उरली आहे. तारेच्या मूळ पद्धतींत एक ह्रस्व व एक दीर्घ अशा दोनच खुणा. त्यांच्या निरनिराळ्या जुळणीनें एकेक अक्षर व्हावयाचें, आणि तारमास्तरानें तें कानानें ऐकून कागदावर उतरावयाचें. अमेरिकेंतील इंडियाना विद्यापीठांतले प्राध्यापक विल्यम लो ब्रायन आणि त्यांचे विद्यार्थी नोबल हार्टर यांनीं ही विद्या माणसाला येते तरी कशी याचा अभ्यास करून १८९७ व १८९९ या सालीं दोन निबंध प्रसिद्ध केले. हार्टर यांनीं पूर्वीं स्वतः तारेचें काम केलें होतें. त्यामुळें कोठें काय मोजावें याची त्यांस चांगली जाण होती.

मोजावयाचें होतें तें साधें. नवशिका उमेदवार मिनिटाला किती अक्षरें पाठवूं शकतो व किती घेऊं शकतो, हें आठवड्यागणिक टिपून त्याचा आलेख काढावयाचा. पाठविण्याचा आलेख कोणत्याही कसबाचा निघावा तसाच निघाला. आरंभीं भराभर आणि पुढें सावकाश चढत गेलेला. घेण्याचा आलेख मात्र चमत्कारिक होता. कांहीं काळ तो वर चढला, आणि मग घाट चढून आल्यावर सपाटी लागावी तसा अडून राहिला. उमेदवार रोज यंत्रापाशीं बसतो, कान टवकारून ऐकतो, पण गति तिळभर वाढत नाहीं. दुर्दैव असें कीं, मुख्य मार्गावरच्या नोकरीला जी गति लागते तिच्या थोडें खालींच हें पठार लागे, आणि पुष्कळ उमेदवार तेथेंच राहून जात. जे नेट धरीत त्यांचा आलेख पुढें, बाहेरून कांहीं एक कारण दिसत नसतां, पुन्हां उभा चढूं लागे.

या पठारावर आंत काय चालत असेल? हें पाहण्यासाठीं या गुरुशिष्यांनीं शिकणाऱ्याची तीन प्रकारें परीक्षा घेतली. एकदां सुटीं अक्षरें पाठविलीं, एकदां परस्परांशीं संबंध नसलेले शब्द पाठविले, आणि एकदां सलग अर्थाचा मजकूर पाठविला. सुट्या अक्षरांची व सुट्या शब्दांची गति कूर्मगतीनें वाढत राहिली. पण सलग मजकुराची गति पठार ओलांडल्यावर त्या दोहोंना मागें टाकून वर निघून गेली. त्यावरून त्यांनीं असा सिद्धांत मांडला कीं, ही विद्या म्हणजे एक संवय नसून संवयींची उतरंड आहे. सर्वांत खालीं अक्षरांच्या संवयी, त्यांवर शब्दांच्या, त्यांवर वाक्प्रचारांच्या व वाक्यांच्या. खालची संवय इतकी मुरावी लागते कीं तिच्याकडे लक्ष देण्याचें कारण उरूं नये. तेव्हांच वरचें मडकें तिच्यावर ठरतें. पठारावर उमेदवार रिकामा बसलेला नसतो. त्याचें खालचें मडकें पक्कें होत असतें. पुरा मुरलेला तारमास्तर यंत्राच्या मागें सहा ते बारा शब्द राहून लिहीत असतो, आणि हें तो आरामांत करतो. परंतु तोच माणूस सांकेतिक मजकूर किंवा नुसते आंकडे येऊं लागले कीं सावध होतो, यंत्राच्या पाठोपाठ लिहूं लागतो आणि पलीकडच्याला सावकाश पाठविण्यास सांगतो. वरचीं मडकीं निरुपयोगी झालीं म्हणजे उस्तादासही खालच्या मडक्यापाशीं उतरून यावें लागतें.

हें पठार सर्वांच्याच आलेखांत दिसतें असें मात्र नाहीं. फ्रेड केलर यांनीं १९५८ सालीं त्याच्या अस्तित्वाविषयींच शंका काढली, आणि ती अगदींच अनाठायी नव्हती. शिकविण्याची पद्धति बदलली कीं पठार पुष्कळदां नाहींसें होतें. आमच्या मतें पठार गेलें तरी उतरंड जात नाहीं. सुटें अक्षर, सुटा शब्द आणि सलग अर्थ यांत जो फरक त्या दोघांना दिसला तो पुढें अनेकांना अनेक कसबांत पुन्हां पुन्हां दिसला आहे.

उतरंडीची गरजच काय, असें कोणी विचारील. गरज अशी कीं, मनाच्या हातांतलें भांडें फार लहान आहे. एका वेळीं लक्षांत धरतां येणाऱ्या सुट्या गोष्टी सुमारें सात, असें जॉर्ज मिलर यांनीं १९५६ सालच्या आपल्या प्रसिद्ध निबंधांत दाखविलें; नेल्सन कोवान यांनीं २००१ मध्यें ती संख्या आणखी खालीं, चारांच्या आसपास आणून ठेवली. परंतु ‘एक गोष्ट’ केवढी असावी याला मर्यादा नाहीं, ही यांतली खरी मेख आहे. दूरध्वनीचे दहा आंकडे सुटे सुटे कानावर पडले तर निम्मे सांडतात. आपलीं वडील माणसें मात्र ‘अठ्ठ्याण्णव, बावीस, एकोणसाठ’ अशा जोड्या करून सांगतात. दहा दाण्यांच्या पांच पुड्या होतात आणि भांड्यांत मावतात. शंभरापर्यंत प्रत्येक संख्येला स्वतंत्र नांव शिकतांना मुलांना जो त्रास होतो, त्याचें हें थोडेंसें व्याज समजावें.

पुड्यांच्या पुन्हां गोण्या बांधतां येतात काय? येतात. अमेरिकेंतील कार्नेगी-मेलन विद्यापीठांत एका सामान्य स्मरणशक्तीच्या विद्यार्थ्यावर केलेला प्रयोग १९८० सालीं प्रसिद्ध झाला. सेकंदाला एक या वेगानें आंकडे ऐकावयाचे आणि क्रमानें परत म्हणून दाखवावयाचे, असें त्यानें सुमारें वीस महिने, एकूण २३० तासांच्या आसपास केलें. आरंभीं त्याला सात आंकडे येत; शेवटीं ७९ येऊं लागले. तो गृहस्थ धांवण्याच्या शर्यतींत भाग घेणारा होता. तीन-चार आंकडे एकत्र आले कीं तो त्यांचा अर्थ अमुक अंतर धांवण्यास लागलेली वेळ असा लावी. मग अशा तीन-चार वेळांचा एक गट, आणि गटांचा मोठा गट. त्याच्या भांड्याचें तोंड तिळभर रुंदावलें नव्हतें. कारण आंकड्यांऐवजीं अक्षरें देतांच स्वारी पुन्हां सहांवर आली! बुद्धिबळाचेंही तसेंच आहे. चेस आणि हर्बर्ट सायमन यांनीं १९७३ मध्यें दाखविलें कीं, खऱ्या डावांतली मांडणी पांच सेकंद पाहून उस्ताद बहुतेक मोहरीं जागच्या जागीं मांडूं शकतो आणि नवशिक्याला चार-पांचच जमतात; पण तींच मोहरीं पटावर वाटेल तशीं विखरून ठेवलीं कीं उस्ताद आणि नवशिका जवळजवळ एका पंक्तीला येतात. ‘स्मरणशक्ति दांडगी’ असें आपण ज्याला म्हणतों तें पुष्कळदां पुड्या बांधण्याचें कसब असतें, आणि तें त्या त्या मालापुरतेंच असतें.

आतां वरून खालीं येणाऱ्या रहदारीकडे वळूं. डोळ्यांतून मेंदूकडे जाणाऱ्या मालाची पहिली मोठी वर्गवारी डेव्हिड ह्यूबेल व टॉर्स्टन वीझेल यांनीं उलगडली. १९५८ मध्यें मांजराच्या मेंदूंतील एका पेशीपुढें ते काळे ठिपके दाखवीत होते, पेशी ढिम्म. कांच सरकवितांना तिच्या कडेची सावली पडद्यावरून तिरकी सरकली, आणि पेशी एकदम तडतडूं लागली. ठिपक्याला न बोलणारी ती पेशी विशिष्ट कलाच्या रेघेला बोलत होती. ठिपक्यांवरून रेघ आणि रेघांवरून अधिक गुंतागुंतीची आकृति, अशी पायरीपायरीची मांडणी त्यांनीं पुढें केली, आणि त्या शोधांबद्दल १९८१ मध्यें त्यांस नोबेल पारितोषिक मिळालें. येथवर वाचस्पतींची कचेरी ठीक चालते. परंतु १९९१ मध्यें फेलमन व व्हॅन एसन यांनीं माकडाच्या मेंदूंतील दृष्टीच्या ३२ क्षेत्रांचा जो नकाशा काढला, त्यांत बहुतेक प्रत्येक वर जाणाऱ्या वाटेबरोबर खालीं येणारी वाटही सांपडली. म्हणजे वरचा अधिकारी केवळ वसूल घेत नाहीं. ‘तुमच्या गांवीं अमुक पीक असलें पाहिजे’ असे हुकूमही खालीं धाडीत असतो.

या हुकुमांचा उपयोग मोठा आहे. बोलणाऱ्याचा एखादा शब्द मोटारीच्या भोंग्यांत बुडाला तरी वाक्य आपणांस पुरें ऐकूं येतें, तें यामुळेंच. पण धोकाही तेवढाच मोठा. छापखान्यांत मुद्रितें तपासणाऱ्यांस विचारा. शब्द ओळखीचा असला कीं त्यांतली गळलेली वेलांटी डोळ्यांस ‘दिसते’. वरचा अधिकारी ती पुरवितो. म्हणून या कामांत मुरलेले कित्येक लोक शेवटची खात्री करतांना मजकूर उलटा, शेवटच्या शब्दाकडून पहिल्याकडे वाचतात. अर्थाची साखळी तुटली म्हणजे वरच्याचा हुकूम चालत नाहीं, आणि खालचा कारकून जें आहे तेंच सांगतो.

स्मृतीच्या बाबतींत हाच धोका केंब्रिजचे फ्रेडरिक बार्टलेट यांनीं १९३२ सालच्या ग्रंथांत स्पष्ट करून दाखविला. उत्तर अमेरिकेंतल्या मूळ रहिवाशांची एक कथा त्यांनीं इंग्रज वाचकांस वाचावयास दिली आणि कांहीं वेळानें, कांहीं दिवसांनीं, कांहीं महिन्यांनीं त्यांच्याकडून ती लिहवून घेतली. कथेंतील ‘कनू’ जातीच्या होड्यांची साधी नाव झाली. सील माशांची शिकार जाऊन तेथें नेहमींची मासेमारी आली. जें समजलें नाहीं तें गळलें किंवा समजेल असें झालें. सांगणारा खोटें बोलत नव्हता. त्याच्याजवळ कथेचा सांगाडा राहिला होता, आणि मांस तो आपल्या घरचें भरीत होता.

येथें आम्हांस वेदपाठाच्या परंपरेची आठवण होते. ती केवळ अभिमानानें नव्हे. हजारों वर्षें एक अक्षर न बदलतां मजकूर मुखोद्गत ठेवावयाचा, तर स्मृतीच्या शत्रूंतला सर्वांत बलाढ्य शत्रु कोण? विसर नव्हे, विसरलेलें निदान कळून येतें. खरा शत्रु म्हणजे अर्थ जाणणारें, चाल ओळखणारें, आणि एका शब्दाच्या जागीं तसाच दुसरा शब्द बेमालूम बसवून देणारें वरचें मन. संहितापाठांत शब्द संधीनें जोडलेले असतात. पदपाठांत ते सुटे केले जातात. ऋग्वेदाच्या पदपाठाचें कर्तृत्व शाकल्याकडे दिलें जातें. क्रमपाठांत पहिला-दुसरा, दुसरा-तिसरा, तिसरा-चौथा असे शब्द येतात. जटेंत एक-दोन, दोन-एक, एक-दोन. आणि घनांत एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन. असें करीत पुढच्या शब्दावर सरकावयाचें. शब्द उलटे म्हटले म्हणजे अर्थ जागेवर राहत नाहीं, प्रत्येक उलटापालटींत संधि बदलतो, आणि वरच्या मनाला अंदाजानें जागा भरण्यास वावच उरत नाहीं. मुद्रितें उलटीं वाचणारा जें करतो तेंच हें, फार मोठ्या प्रमाणावर आणि फार शिस्तीनें केलेलें.

आणि त्याच वेळीं उतरंडही सोडलेली नाहीं. ऋग्वेदाची दहा मंडलें व १०२८ सूक्तें ही विभागणी ऋषि आणि देवता यांना धरून आहे. अध्ययनासाठीं दुसरी विभागणी आहे. आठ अष्टकें, प्रत्येक अष्टकाचे आठ अध्याय, अध्यायांचे वर्ग, आणि एकेका वर्गांत सुमारें पांच ऋचा. पांच! मिलर व कोवान यांच्या दोन आंकड्यांच्या मधोमध पडणारी ही संख्या पाठशाळेंतल्या गुरुजींनीं कोणत्या हिशेबानें निवडली तें ते लिहून ठेवीत नाहींत. शिष्याच्या एका दमांत किती मावतें हें पिढ्यान् पिढ्या पाहून ती ठरली असावी, असा आमचा तर्क आहे. जेम्स हार्टझेल आदि संशोधकांनीं २०१६ मध्यें यजुर्वेदाच्या २१ पंडितांच्या मेंदूंचीं चित्रें तितक्याच इतर लोकांच्या चित्रांशीं ताडून पाहिलीं, तेव्हां भाषा व स्मृति यांच्याशीं संबंध असलेल्या कित्येक भागांत पंडितांचें करडें द्रव्य अधिक आढळलें. वर्तमानपत्रांतून त्याचा गवगवा पुष्कळ झाला. परंतु पाठांतरानें मेंदू तसा झाला, कीं तसा मेंदू असलेलेच पाठशाळेंत टिकले, याचा निर्णय अशा एका वेळच्या तुलनेनें होत नसतो, हें सुज्ञ वाचकांनीं ध्यानांत ठेवावें.

आतां घरांतल्या पहिल्या वादाकडे येऊं. आजोबा म्हणतात, पाढे आणि श्लोक पाठ झालेच पाहिजेत. शिकलेले आईबाप म्हणतात, ही घोकंपट्टी पुरे; मुलाला समजलें पाहिजे. दोघेही उतरंडीचें एकेक मडकें धरून भांडत आहेत. ४७ ला ६ ने गुणावयाचें आहे. ‘सात सक बेचाळीस’ हें ज्या मुलाच्या जिभेवर आपोआप येतें त्याच्या लहानशा भांड्यांत हातचा चार सुखानें राहतो, आणि तें २८२ वर येऊन थांबतें. ज्याला बेचाळीस बोटांवर मोजून काढावे लागतात, तें हातचा विसरतें. त्याला गणित ‘समजत’ नाहीं असें आपण म्हणतों. वास्तविक त्याला समजण्यास जागाच उरलेली नसते. ‘प… रो… प… का… र’ असें एकेक अक्षर लावीत वाचणारें मूल वाक्याच्या शेवटास पोंचेपर्यंत आरंभ हरवून बसतें, त्याचेंही कारण हेंच. या बाबतींत आमचा कौल आजोबांच्या बाजूनें पडतो.

पण अर्धाच. खालचें मडकें पक्कें झाल्यावर त्यावर दुसरें ठेवावयाचें असतें, हें घोकून घेणारे विसरतात. वर्गांतलीं कित्येक मुलें तिसाचा पाढा खडाखड म्हणतात आणि तीस रुपये डझनाचीं चार केळीं कितीला, हें विचारलें कीं आढ्याकडे पाहतात. आणखी एक गोष्ट. ज्या महिन्यांत मुलाची प्रगति दिसत नाहीं, त्याच महिन्यांत त्याला ‘मठ्ठ’ हें विशेषण चिकटविण्याची आपल्याकडे रीत आहे. तारमास्तरांच्या पठारावरून नोकरी सोडून गेलेल्या उमेदवारांची संख्या कोणीं मोजली नाहीं. आपल्या घरांतल्या अशा उमेदवारांचीही कोणीं मोजीत नाहीं.

दुसरा वाद याहून फार कष्टाचा आहे. रचतांना उतरंड तळापासून चढते. उतरतांना ती वरून, सर्वांत लहान गाडग्यापासून उतरते. मेंदूच्या एका विशिष्ट विकारांत, ज्यांत कानशिलांच्या आंतले पुढचे भाग झिजत जातात, हें अगदीं उघड दिसतें. एलिझाबेथ वॉरिंग्टन यांनीं १९७५ मध्यें अशा रोग्यांचें वर्णन केलें. पुढें १९९५ मध्यें इंग्लंडांतील हॉजेस, ग्रॅहम व पॅटर्सन यांनीं एका रोग्यास दर सहा महिन्यांनीं तींच तीं चित्रें दाखवून त्याचीं उत्तरें टिपून ठेवलीं. कोंबडीच्या चित्राला पहिल्या दोन्ही वेळां त्यानें ‘कोंबडी’ म्हटलें. तिसऱ्या वेळीं ‘पक्षी’ म्हटलें. चौथ्या वेळीं ‘प्राणी’. बदकाला प्रथम ‘बदक’, मग ‘पक्षी’, पुन्हां ‘पक्षी’, आणि शेवटीं ‘कुत्रा’. आधीं विशेष गेलें, मग सामान्य. सर्वांत व्यापक जें, तें सर्वांत शेवटीं. निरोगी माणसांतही नांव हें उतरंडीचें टोंकावरचें गाडगेंच असतें. यंग, हे व एलिस यांनीं १९८५ मध्यें कित्येक लोकांना माणसें ओळखतांना झालेल्या चुकांची रोजनिशी ठेवावयास सांगितली. चेहरा ओळखीचा, धंदा आठवतो, पण नांव येत नाहीं, असे प्रसंग पुष्कळ निघाले. नांव आठवतें आणि माणूस कोण तेंच कळत नाहीं, असा एकही निघाला नाहीं.

म्हाताऱ्या सासूबाई एके दिवशीं सुनेला तिच्या नांवानें हांक मारीत नाहींत, ‘अगं’ म्हणतात. कांहीं महिन्यांनीं ‘अहो बाई’ म्हणूं लागतात. सुनेच्या काळजांत सुरी फिरते. वीस वर्षें जिच्या हातचें जेवल्या तिलाच परकी केली! परंतु नीट पाहिलें तर त्याच सासूबाई ताट तिच्याच हातून घेतात, आणि ती घरांत नसली कीं दाराकडे पाहत बसतात. नांव गेलें, नातें गेलें. ‘ही आपल्या माणसांपैकीं’ हें खालचें मडकें अजून जागेवर आहे. अशा वेळीं ‘मी कोण, ओळखा पाहूं?’ अशी परीक्षा घेण्याची जी हौस पाहुणेमंडळींना असते ती आम्हांस निर्दयपणाची वाटते. आल्याबरोबर आपलें नांव व नातें आपणच सांगावें. त्यांत कोणाचें कांहीं जात नाहीं.

दुसरी तक्रार त्याहून अधिक ऐकूं येते. “मामंजी रामरक्षा न अडखळतां म्हणतात, मग मघाशीं गोळी घेतली कीं नाहीं तेवढेंच बरें विसरतात!” यांत मामंजींवर लबाडीचा आरोप असतो, आणि तो बहुधा खोटा असतो. गोळी घेतल्याची आठवण व रामरक्षेची आठवण या एका कोठारांतल्या नव्हेत. १९५३ मध्यें अमेरिकेंत एका २७ वर्षांच्या तरुणाच्या मेंदूंतील दोन्ही बाजूंचा, नव्या आठवणी बांधणारा भाग अपस्मारावरील उपाय म्हणून काढून टाकण्यांत आला. त्यानंतर त्याला पांच मिनिटांपूर्वीं भेटलेला माणूस आठवेना. पण आरशांत पाहून चांदणी गिरविण्याचें कसब तो दिवसेंदिवस सुधारत शिकला, आणि प्रत्येक दिवशीं म्हणे कीं हें काम मी पूर्वीं कधीं केलेंच नाहीं. वृद्धापकाळच्या नेहमींच्या स्मृतिभ्रंशांत आधीं मार बसतो तो याच नव्या आठवणी बांधणाऱ्या भागास. सत्तर वर्षें मुरलेली रामरक्षा तेव्हां दूर, सुरक्षित असते. जुन्या आठवणी नव्यांपेक्षां चिवट असतात हें थिओड्यूल रिबो या फ्रेंच पंडितानें १८८१ मध्येंच लिहून ठेवलें आहे.

मात्र सगळाच विसर ‘वयोमानाचा’ म्हणून स्वीकारून बसणें हाही अपराधच होय. थायरॉईड ग्रंथीची मंदता, मनाची खिन्नता, कांहीं औषधांचा परिणाम, आणि ‘ब-१२’ या जीवनसत्त्वाची उणीव यांमुळेंही माणूस विसरूं लागतो, आणि हीं कारणें वेळींच सांपडलीं तर त्यांवर उपाय असतो. शेवटची उणीव शाकाहारी घरांत विशेष आढळते, कारण हें जीवनसत्त्व वनस्पतींत जवळजवळ नसतेंच. रक्ताच्या एका तपासणीनें जें कळतें तें वर्षभर टोमणे मारून कळत नाहीं.

स्तोत्र म्हणणाऱ्या वृद्धांविषयीं एक गोष्ट पुष्कळांच्या पाहण्यांत आली असेल. म्हणतां म्हणतां मध्येंच कोणी दार वाजविलें आणि ओघ तुटला, कीं त्यांना तेथून पुढें जातां येत नाहीं. ‘पुढचा श्लोक कोणता?’ असें विचारल्यास ते गोंधळतात. कारण मुरलेल्या पाठाला मधून दार नसतें, पुडीचें तोंड एकाच बाजूला असतें. अशा वेळीं घरांतल्या एखाद्या नातवानें जवळ बसून त्या श्लोकाचे पहिले दोन शब्द हळूच म्हणावे लागतात. मग आजोबा पुढचें सगळें आपण होऊन म्हणतात, आणि नातू अडखळला तर त्याची चूकही दुरुस्त करतात.